उतरत्या खांद्याची साक्ष

मास्तर : सत्य, फुंक्या, सत्य हे कोटासारखं असतं. घडी घालून ट्रंकेच्या तळाशी दाबा, वर दहा गोधड्या रचा, एक ना एक दिवस बाहेर निघतंच. झटकलं, इस्त्री फिरवली, की पुन्हा ताठ उभं! हे मी उद्या तिन्ही न्यायाधीशांच्या तोंडावर सांगणार आहे. इतिहासात असा क्षण...

फुंक्या : मास्तर, टाचणी.

मास्तर : ...असा क्षण क्वचित येतो. काय म्हणालास?

फुंक्या : टाचणी. मानेत. तुम्ही 'सत्य' म्हणालात तेव्हा अर्धी गेली. 'इतिहास' म्हणालात तेव्हा उरलेली.

मास्तर : अरे, मग तेव्हाच ओरडायचं!

फुंक्या : तुम्ही इतके रंगात आला होतात.

(दुपारची वेळ. शिंप्याचं लांबट, अरुंद दुकान. एका टोकाला रस्त्यावर उघडणारं दार, दुसऱ्या टोकाला माणूसभर उंचीचा आरसा, मध्ये कापडाचं टेबल. लाकडी पाटावर फुंक्या उभा होता, म्हणजे थिएटरच्या ऑर्केस्ट्रात पूर्वी क्लॅरिनेट वाजवणारा. अंगात कच्च्या टाक्यांचा काळा कोट. ज्याच्या साक्षीमुळे हा माणूस सहा वर्षं तुरुंगात जाऊन आला, त्यानेच आता उद्याच्या फेरसुनावणीसाठी त्याला फुकट कोट शिवून द्यावा, यात कोणालातरी अवघडल्यासारखं व्हायला हवं, हे मास्तरांना चांगलं कळत होतं. पण फुंक्या काही केल्या अवघडत नव्हता. त्यामुळे दोघांच्या वाटचं अवघडणं मास्तरांना एकट्यालाच उरकावं लागत होतं.)

मास्तर : हा तुझा स्वभावच नडला. खटल्यातही तू असाच. मी साक्षीच्या पिंजऱ्यात उभा राहून नाही नाही ते बोलतोय, आणि हा आरोपी समोर बसून मान डोलावतोय! लोकांना वाटलं, कबूल आहे याला.

फुंक्या : तुम्ही बोललातच छान. मध्ये एकदाही श्वास घेतला नाहीत. मी तेच बघत होतो. आमच्यातल्या भल्याभल्यांना जमत नाही.

मास्तर : हात खाली सोड. दोन्ही. आता श्वास घे.

फुंक्या : केवढा?

मास्तर : केवढा म्हणजे? चारचौघं घेतात तेवढा.

फुंक्या : वाजवताना घेतो तेवढा घेतला तर बटणं समोरच्या दुकानात जातील.

मास्तर : उद्या न्यायालयात वाजवायचं नाहीये. नुसतं उभं राहायचंय.

फुंक्या : उद्या नाही. पण परवा वाजवायची पाळी आली तर?

मास्तर : येईल रे. येईलच. मॅनेजर काय म्हणाला तुला?

फुंक्या : तो काय म्हणणार, नियम म्हणतो. ज्याच्या नावावर चोरी आहे त्याला ऑर्केस्ट्रात बसवता येत नाही. नाव उद्या धुऊन निघालं, तर परवापासून खुर्ची माझी. नाही निघालं तर आहेच आपली बाग. रविवारी वाजवतो तिथं. पोरं ऐकतात. एक म्हातारं कुत्रंही येतं, पण ते वरच्या सुरांना उठून जातं.

मास्तर : खुर्ची अजून तीच आहे?

फुंक्या : तीच. दुसऱ्या रांगेतली, खांबाजवळची. तिचा मागचा एक पाय आखूड आहे. मी पुठ्ठ्याची घडी घालायचो. हल्ली जो बसतो त्याला ते माहीत नाही. वाजवताना डुगडुगतो बिचारा.

मास्तर : तुला काय ठाऊक? तुला तर आत सोडत नाहीत.

फुंक्या : मागच्या गल्लीत उभा राहतो कधीकधी. ऐकू येतं ना. लांब सूर आला की मध्येच एक हेलकावा. खुर्चीचा असतो तो. मास्तर, रडू नका. तोंडात टाचण्या आहेत.

तिकीटबाई (फुंक्याची बायको, दारातून आत येत) : दार सताड उघडं टाकून काय शिवता हो, मास्तर? 'सत्य कोटासारखं असतं' म्हणे. कोपऱ्यावरच्या चपलावाल्यापर्यंत पोचलंय.

मास्तर : या वहिनी, या! काय म्हणाला तो?

तिकीटबाई : म्हणाला, त्यांना सांगा चपलेसारखं असतं. बरं, मला संध्याकाळच्या खेळाची तिकीटखिडकी उघडायच्या आत परत पोचायचंय. तेव्हा भराभर. वळा.

फुंक्या : मी?

तिकीटबाई : मग काय मास्तर? पुरते वळा. पाठ माझ्याकडे. हं. मास्तर, हा कोट चालणार नाही.

मास्तर : चालणार नाही? वहिनी, नीट बघा तरी! या माणसाचा डावा खांदा जन्मापासून तीन बोटं उतरलेला. आता दिसतोय कुठे? आत कापूस आहे, घोड्याच्या केसांचं कापड आहे, माझी आख्खी विद्या आहे. या खांद्यांवर गोटी ठेवा, घरंगळली तर दुकान तुमच्या नावावर करतो.

तिकीटबाई : म्हणूनच चालणार नाही. उद्या न्यायाधीश काय बघणार? सरळ खांद्यांचा गृहस्थ. तुम्ही सांगणार, याचा खांदा उतरता आहे हो. ते म्हणणार, कुठाय?

मास्तर : ...अरेच्चा.

तिकीटबाई : आपल्या वकीलबाईंनी क्रम सांगितलाय. आत शिरल्याशिरल्या सगळ्यांना खांदा उतरलेला दिसला पाहिजे. मग न्यायालयाच्या ताब्यातला तो पुराव्याचा जुना कोट ह्यांच्या अंगात घालायचा. मग खांदा सरळ झालेला दिसला पाहिजे. मग तुम्ही बोलायचं. आणि कोटाचं नाव घ्यायचं, सत्याचं नाही.

मास्तर : म्हणजे भर काढू?

तिकीटबाई : काढा.

मास्तर : वहिनी, भर काढली की तो कोट राहत नाही. खुंटीला टांगलेला टॉवेल होतो! माझ्या दुकानातून आजवर असा कोट बाहेर पडलेला नाही. लोक विचारतील, कोणी शिवला?

तिकीटबाई : सांगा, साक्षीदाराने.

फुंक्या : मी आपला शर्टावर जातो.

मास्तर : शर्टावर! गेल्या खेपेला शर्टावरच बसला होतास. कोट टेबलावर पुरावा म्हणून, आणि तू बाकावर, हा खांदा असा लोंबत. मी म्हणालो 'पळणाऱ्याचा खांदा उतरता होता', आणि आख्ख्या न्यायालयाने वळून तुझ्याकडे पाहिलं. मागे कोणीतरी बाई तर 'अगंबाई!' म्हणाली.

फुंक्या : माझी मावशी होती ती. तिला तोपर्यंत माहीतच नव्हतं. घरी मी कायम तुमचाच कोट घालून जायचो.

तिकीटबाई : कोटाचं मागाहून बघू. आधी उजळणी. मास्तर, तिकडे उभे राहा, त्या खुर्चीमागे. तो पिंजरा. मी सरकारी वकील.

फुंक्या : मी?

तिकीटबाई : तुम्ही तुम्हीच. आणि मान डोलवायची नाही. हं, साक्षीदार, धंदा काय तुमचा?

मास्तर : वस्त्रशिल्पी.

तिकीटबाई : काय?

मास्तर : गेल्या खेपेला सरकारी वकिलांनी मला 'या विषयातले तज्ज्ञ' म्हटलं होतं, वहिनी.

तिकीटबाई : त्यानेच तर घात केला. धंदा?

मास्तर : शिंपी.

तिकीटबाई : चोरीच्या संध्याकाळी थिएटरात कशाला गेला होतात?

मास्तर : नायकाची विजार द्यायला. मागच्या बोळातून आत शिरलो. तिथे उजेड कमी. एवढ्यात पुढच्या दालनातून काच फुटल्याचा आवाज आला. तिथे काचेच्या कपाटात थिएटरचं ते जुनं, मोलाचं व्हायोलिन ठेवलेलं असायचं. बघतो तर बोळाच्या टोकाशी एक माणूस पाठमोरा, झपझप चाललेला. हातात व्हायोलिनची पेटी. अंगात काळा कोट.

तिकीटबाई : तोंड दिसलं?

मास्तर : नाही.

तिकीटबाई : मग ओळखलंत कसं?

मास्तर : कोट माझा होता, साहेब. माझ्या हातची कॉलर मानेला कशी बसते ते मी झोपेतही सांगेन. आणि खांदे. एक वर, एक खाली. या शहरात माझ्या माहितीत असा खांदा एकच, आणि तो माझ्या गिऱ्हाइकाचा. मी म्हटलं, हा फुंक्या.

फुंक्या : तेव्हा मी तळघरात झोपलो होतो. जुन्या पडद्यांच्या ढिगावर. कोट वर खुंटीला.

तिकीटबाई : तुम्हाला विचारलंय?

फुंक्या : नाही. पण मला एक कळत नाही, त्यांच्यापैकी कोणाच्या डोक्यात कसं आलं नाही? मी फुंकणारा माणूस. व्हायोलिन नेऊन काय करणार होतो? फुंकणार?

तिकीटबाई : खुंटीवरच्या कोटाच्या बाहीत काचेचे कण सापडले. तो कोट घालूनच चोरी झाली हे खरंय. कोट ह्यांचा हेही खरंय. मग साक्षीदार, आता तुम्ही म्हणता की कोटात हे नव्हते. हा साक्षात्कार इतक्या वर्षांनी कसा काय झाला?

मास्तर : त्याला एक पोस्टमास्तर कारण झाले. त्यांचाही एक खांदा उतरता. गेल्या हिवाळ्यात त्यांना असाच भर घालून कोट शिवून दिला. न्यायला आले ते भावाला घेऊन. भाऊ सरळ खांद्यांचा. दोघांनी इथे चहा घेतला, कोट काढून खुर्चीवर टाकले, आणि गप्पांच्या नादात जाताना एकमेकांचे घालून गेले. मी दारात उभा होतो. बघतो तर तो भाऊ रस्त्याने चाललाय आणि त्याचा एक खांदा वर, एक खाली! भर कोटात होती ना. ज्याचा खांदा उतरता आहे त्याला ती सरळ करते. ज्याचा सरळ आहे त्याला ती वाकडा करते. मला घामच फुटला. पाठमोरा हुबेहूब तो बोळातला माणूस! मला ओरडायचं होतं, पण तोंडभर टाचण्या.

तिकीटबाई : थोडक्यात सांगा. न्यायाधीशांना जेवायला जायचं असतं.

मास्तर : थोडक्यात म्हणजे, मी शिवलेल्या कोटात फुंक्याचे खांदे वरखाली दिसूच शकत नाहीत. तसे दिसले, याचाच अर्थ आत दुसरा कोणीतरी होता. मी खांदा ओळखला तो मापाच्या वेळचा, शर्टावरचा. माझा स्वतःचा कोट मध्ये आहे, हे मीच विसरलो.

तिकीटबाई : एवढे तज्ज्ञ, आणि विसरलात?

मास्तर : तज्ज्ञ म्हटल्यामुळेच, वहिनी. मला आयुष्यात कोणी तज्ज्ञ म्हटलं नव्हतं. बायको तर शिंपीसुद्धा म्हणायची नाही, 'आमचे घरी असतात' म्हणायची. आणि एकदम भर न्यायालयात, डगल्यावाल्या माणसांसमोर... एकदा तज्ज्ञ म्हणवून घेतलं की 'नक्की सांगता येत नाही' असं म्हणायची सोयच राहत नाही हो. शिंप्याला म्हणता येतं. निकालात न्यायाधीशांनी लिहिलं होतं, 'साक्षीदाराची नजर सुईसारखी आहे.' वर्तमानपत्रात आलं ते. मी फ्रेम करून लावलं होतं, तिथे, दारासमोर.

फुंक्या : मी पाहिलं होतं. सुटून आलो त्या दिवशी. फ्रेम चांगली होती.

मास्तर : फ्रेम अजून आहे. आत आता हवामानाचं कॅलेंडर लावलंय. तेही चुकतं, पण त्यात कोणी आत जात नाही.

तिकीटबाई : ठीक. एवढं चांगलं झालं. 'हुबेहूब' काढा, 'घाम' काढा, टाचण्या राहू दे, खऱ्या वाटतात. आता शेवटचा प्रश्न. सरकारी वकील हा विचारणारच. साक्षीदार, त्या कोटात हे नव्हते, तर कोण होतं?

मास्तर : वहिनी, तुम्ही चहा घेणार का?

तिकीटबाई : न्यायालयात असं विचारणार आहात?

मास्तर : नाही, मला वाटलं, खिडकी उघडायची वेळ...

तिकीटबाई : मास्तर. तुम्हाला माहीत आहे.

मास्तर : काय माहीत आहे?

तिकीटबाई : मी खिडकीत बसते. एवढ्याशा भोकातून दिवसभर माणसं बघते. मोठ्या पोराला लहान सांगून अर्धं तिकीट मागणारा बाप मला त्याच्या हनुवटीवरून कळतो. तुमची हनुवटी आत्ता तशी झालीय. कोण होता?

मास्तर : अगदी हनुवटीवरून?

तिकीटबाई : कधी चुकत नाही.

मास्तर : मीही तेच म्हणायचो. पाठीबद्दल.

फुंक्या : अगं, राहू दे ना.

तिकीटबाई : का राहू दे? वकीलबाई स्वच्छ म्हणाल्या, नुसतं 'हा नव्हता' म्हटलं तर न्यायाधीश कुरकुरतात. त्यांना रिकामी जागा आवडत नाही. 'हा नव्हता, तो होता' म्हटलं की काम झटक्यात. आणि इथे नाव ह्यांच्या तोंडात आहे, टाचणीसारखं दातांत धरलेलं! बोला मास्तर. तुम्ही आमचं देणं लागता.

मास्तर : लागतो. असे कोट जन्मभर फुकट शिवत राहिलो तरी लागेनच.

तिकीटबाई : मग?

मास्तर : एक पाठ आहे डोक्यात. पोस्टमास्तरांचा भाऊ गेला त्या दिवसापासून आहे. बोळातल्याला बाह्या आखूड होत होत्या. म्हणजे उंच. चालताना किंचित उजवीकडे झोक. तशी पाठ मला माहीत आहे. थिएटरातलाच माणूस, माझं गिऱ्हाईक. अजून येतो. मुलीच्या शाळेचं सांगतो, माझ्या गुडघ्याची चौकशी करतो. त्याच्या पाठीला टेप लावली की मी मापाचा आकडाच विसरतो.

तिकीटबाई : मग सांगत का नाही? न्यायालयात टेप लावायला लावू त्याला!

मास्तर : कारण माझी खात्री आहे, वहिनी.

तिकीटबाई : खात्री आहे म्हणून सांगत नाही?

मास्तर : अगदी पक्की खात्री. फुंक्याबद्दल होती ना, तेवढीच. मी दोन्ही खात्र्या रात्री शेजारी शेजारी मांडून बघितल्यात. काडीचाही फरक सापडत नाही. कापड एक, वीण एक. सांगा, कोणती खरी हे कसं ओळखू?

तिकीटबाई : ते न्यायाधीश ओळखतील. त्यांना पगार कशाचा मिळतो?

मास्तर : गेल्या खेपेलाही त्यांना पगार मिळत होता.

फुंक्या : हे मात्र बरोबर बोललात.

तिकीटबाई : तुम्ही गप्प बसा! संत व्हायला निघालेत. तुम्ही आत बँड काढून बसला होतात, जेलरच्या पोराला सूर शिकवत होतात. बाहेर मी होते. त्याच खिडकीत, त्याच स्टुलावर. लोक तिकीट घेऊन पुढे जायचे आणि चार पावलांवर थांबून ते उजेडात धरून बघायचे. खरं आहे का म्हणून. चोराची बायको ना! तोंडाने कोणी एक अक्षर बोललं नाही. बोलले असते तर मी ऐकवलं तरी असतं.

फुंक्या : हे तू मला सांगितलं नाहीस कधी.

तिकीटबाई : भेटीला यायचे तेव्हा तुम्हीच बोलत असायचात. आज काय वाजवलं, उद्या काय वाजवणार.

फुंक्या : ...खरंय ते.

तिकीटबाई : म्हणून मला नाव पाहिजे. मला ती खुर्ची पाहिजे तुमच्याखाली. मला त्या गल्लीत उभं राहिलेला नवरा नको.

फुंक्या : तुला माहीत होतं गल्लीचं?

तिकीटबाई : खिडकीच्या मागच्या फटीतून दिसतं. तुम्ही पाय आपटून ताल धरता, तो तर सगळ्या स्टाफला माहीत आहे.

फुंक्या : मग ऐक. मलाही ती खुर्ची पाहिजे. मी बागेचं म्हणतो ते उगाच. पण मास्तरांनी नाव घेतलं, आणि तो माणूस तो नसलाच, तर त्याला माझी खोली मिळेल. भिंतीत वर झरोका, हात न पोचेल असा. आणि त्याची बायको... ती कुठे कामाला आहे, मास्तर?

मास्तर : दवाखान्यात. औषधं देते.

फुंक्या : बघ. लोक औषधाची बाटली उजेडात धरून बघतील.

तिकीटबाई : आणि तोच असला तर?

फुंक्या : तर व्हायोलिन त्याच्याकडे आहे, आणि सात वर्षांत त्याला ते एकदाही वाजवता आलेलं नाही. कोणी ऐकेल म्हणून. कमी शिक्षा आहे का ही?

तिकीटबाई : तुम्हा दोघांना एकाच खोलीत कोंडायला हवं होतं. मास्तर, उद्या एक सरळ खांद्यांचा माणूस लागणार होता ना, कोट घालून दाखवायला? तो तरी मिळाला का, की त्याचीही दया आली?

मास्तर : तीच तर पंचाईत. आख्खा ऑर्केस्ट्रा पालथा घातला. व्हायोलिनवाल्यांचा एक खांदा चढलेला, चेलोवाले पुढे वाकलेले, ढोल वाजवणारा तर सगळीकडूनच वाकडा. सरळ माणूस नाही एक. न्यायालयात एक शिपाई सापडला, चांगला ताठ, पण तो म्हणाला, मी सरकारी बाजूचा आहे, वाकायला सांगितलं तर वाकावं लागेल.

फुंक्या : हिचे बघा की.

तिकीटबाई : काय हिचे?

फुंक्या : खांदे. पट्टीने आखल्यासारखे आहेत. लग्नात फोटोवाला म्हणाला होता, ह्यांचे खांदे बघून आम्ही भिंतीवर चित्र सरळ टांगू शकतो.

मास्तर : खरंच की! वहिनी, माझ्या पूर्वीच लक्षात आलं होतं, पण कसं म्हणणार?

तिकीटबाई : मी? नवऱ्याचा कोट घालून न्यायाधीशांपुढे मिरवू?

मास्तर : मिरवू नका. नुसतं पाठ करून दारापर्यंत जायचं आणि यायचं. भर या कोटातही तीच आहे, तेवढीच. आत्ता एकदा करून तर बघा. फुंक्या, काढ. हळू! कच्चे टाके आहेत. हं, वहिनी, हा हात. आता दुसरा.

तिकीटबाई : बाह्या केवढ्या! आणि हा वास कसला?

फुंक्या : माझा असेल.

मास्तर : चाला. दारापर्यंत. साडीचा पदर आत घ्या. सावकाश नको, झपझप. मागे वळायचं नाही.

तिकीटबाई : झपझप म्हणजे? अशी? बोला की. बरी दिसतेय का?

फुंक्या : थांब. वळू नकोस. तशीच थांब.

तिकीटबाई : काय झालं?

फुंक्या : अगं, हा मी आहे.

तिकीटबाई : काहीतरीच.

फुंक्या : नाही, खरंच. शर्टावरचा मी. फोटोत समोरून दिसतो तसा, फक्त मागून. मास्तर, तुम्हाला असंच दिसलं होतं?

मास्तर : अगदी असंच. एक खांदा वर, एक खाली; डावा की उजवा, हे तेव्हा सुचलंच नाही. बोळ, कमी उजेड, आणि हे.

फुंक्या : मग तुमची काय चूक हो! तुमच्या जागी मी असतो तर मीसुद्धा मलाच धरलं असतं.

तिकीटबाई : म्हणजे मागून बघितलं तर मी चोर?

मास्तर : शपथेवर सांगितलं असतं, वहिनी. सुईसारख्या नजरेने.

तिकीटबाई : मी खिडकीत होते तेव्हा! हाउसफुल्ल होतं. रांग पार वळणापर्यंत गेली होती. ज्याला त्याला विचारा!

मास्तर : पाठीवर ते लिहिलेलं नसतं ना.

फुंक्या : ये आता इकडे. दारात नको उभी राहूस, चपलावाला बघतोय.

तिकीटबाई : बघू दे त्याला. बघितलंच पाहिजे असं काही नसतं, पण लोक बघतात. ...मास्तर.

मास्तर : बोला.

तिकीटबाई : तो उंच माणूस. झोक देऊन चालणारा. त्याची मुलगी केवढी आहे?

मास्तर : शाळेत आहे. यंदा कवायतीत पहिली आली म्हणे.

तिकीटबाई : ठीक. पिंजऱ्यात उभे राहा. शेवटचा प्रश्न राहिलाय. साक्षीदार, त्या कोटात कोण होतं?

मास्तर : वहिनी, मी नाव...

तिकीटबाई : वहिनी नाही, सरकारी वकील. कोण होतं?

मास्तर : माहीत नाही, साहेब.

तिकीटबाई : पुटपुटू नका. काहीतरी लपवताय असं वाटतं.

मास्तर : लपवतोयच.

तिकीटबाई : काय लपवताय? एक पाठ पाहिलीत. पाठीवरून माणूस कळतो का?

मास्तर : नाही कळत.

तिकीटबाई : मग तुम्हाला माहीत आहे का कोण होतं?

मास्तर : ...नाही. खरंच की. नाही माहीत.

तिकीटबाई : आता तेच जोरात. 'माहीत नाही' असं म्हणा, जसे काही माहीत नसण्यातले तज्ज्ञ आहात.

मास्तर : मी पाठ पाहिली, साहेब. पाठीवरून कोट कळतो, माणूस कळत नाही. एवढं कळायला मला शिंपी असून सात वर्षं लागली. कोण होतं, मला माहीत नाही!

फुंक्या : वा!

तिकीटबाई : मान डोलवू नका म्हटलं ना!

फुंक्या : चुकून डोलली. पण न्यायाधीश कुरकुरतील म्हणालीस.

तिकीटबाई : कुरकुरू देत. मी कोट घालून त्यांच्यापुढून झपझप गेले ना, की कुरकुर थांबते की नाही बघा. मावशींना बोलवा, मागच्या बाकावर बसवा. 'अगंबाई' म्हणायला कोणीतरी हवं.

मास्तर : वहिनी, कोटाची भर मी आज काढतो. डावीकडची सगळी. करतो टॉवेल त्याचा. नाव विचारलं तर सांगेन, मीच शिवला.

तिकीटबाई : काढलेली भर टाकू नका मात्र. परवा पुन्हा घाला. खुर्चीत बसायचं म्हटल्यावर नीट दिसलं पाहिजे माणूस. आणि छातीकडे सैल ठेवा, वाजवताना ह्यांना श्वास फार लागतो. हे काय, आता तुम्ही का असे बघताय? घाबरलात उद्याला?

फुंक्या : नाही गं.

तिकीटबाई : मग? काय हवंय?

फुंक्या : जरा माझी पाठ खाजव. मधोमध. तिथे माझा हात पोचत नाही.